घरबुडवी

“डोळे खाली,” हे म्हणाले. “आता सावकाश वर. दाराकडे. दारात कोण आलंय?”

“दौलत पैलवान,” मी म्हटलं.

सगळ्या मांडवात हशा पिकला. दारात दौलतच उभा होता. आणि दार तरी कसलं, नुसती चौकट. ह्यांनीच रंधा मारून उभी केलेली, मागून दोन वाशांनी तोललेली. डोक्यावर मांजरपाटाचं छत ताणलेलं होतं आणि त्यातून ऊन दुधासारखं गाळून खाली येत होतं.

“मिस्त्री, वहिनींचं काय चुकलं?” दौलत म्हणाला. “मी आरशात बघतो तवा मला पण दौलतच दिसतो. लई वाईट वाटतं, पण करणार काय?”

मी पदर तोंडाला लावला. हसू मला कधी दाबता आलं नाही. हे मात्र हसले नाहीत. कॅमेऱ्याच्या हँडलवरचा हात काढून माझ्याजवळ आले, माझा पदर दोन बोटं मागे सारला, हनुवटी धरून तोंड उजेडाकडे वळवलं, आणि कानाशी वाकून अगदी हळू म्हणाले,

“तुळसे, दारात म्हादू आलाय.”

माझं हसू तिथंच विरलं.

“भाऊबीज आहे. चंद्र वर आलाय. मानमोडीच्या साथीत तुझा म्हादू गेलाच नव्हता. कुणीतरी चुकीचा सांगावा आणला होता. वाट चुकला, रानोमाळ हिंडला, आणि आज बहिणीच्या दारात आलाय. बघ त्याच्याकडे.”

ते मागे गेले. हँडल फिरू लागलं. मी डोळे वर केले आणि दौलतला पाहिलंच नाही. चौकटीत माझा भाऊ उभा होता. ओठावर नुकतं फुटलेलं मिसरूड, कानात भिकबाळी, तापानं सुकायच्या आधीचा, भरल्या अंगाचा. माझे डोळे भरले, ओठ हसले, आणि मी धावत सुटले. चौकटीपाशी थबकले. त्याच्या तोंडावरून हात फिरवावा म्हणून उचललेला हात तसाच हवेत राहिला, कारण शिवलं तर तो नाहीसा होईल असं वाटलं.

हँडल थांबलं. दौलतनं फेटा काढून हातात घेतला होता.

“वहिनी,” तो घोगऱ्या आवाजात म्हणाला, “मला बहीण न्हाई. आज पहिल्यांदा वाटलं, असाय पायजे हुती.”

“हीच नजर,” हे कॅमेऱ्यामागून म्हणाले. “हीच पाहिजे होती मला.”

आणि रुमालानं मानेचा घाम पुसता पुसता त्यांनी माझ्याकडे पाहिलं. ते पाहणं मला तेव्हा कौतुकाचं वाटलं.

तो मूकपटांचा काळ. बोलपट यायला अजून काही वर्षं होती. पडद्यावर माणसं नुसते ओठ हलवायची आणि मधेमधे काळ्या पाटीवर पांढरी अक्षरं यायची. ज्याला वाचता येई तो वाचे. बाकीच्यांसाठी पडद्याच्या अंगाला एक माणूस उभा राहून त्या पाट्या मोठ्यानं म्हणे. आमच्या कंपनीत ते काम नरसू तात्यांचं. तात्यांनी “हाय रे दैवा!” म्हटलं की शेवटच्या रांगेतल्या म्हाताऱ्या डोळ्याला पदर लावायच्या.

कंपनी म्हणजे कोल्हापुरातलं एक भाड्याचं पटांगण, ह्यांचा कॅमेरा आणि आम्ही दहाबारा माणसं. हे मूळचे सुतार, रंगनाथ मिस्त्री. एका गोऱ्या साहेबाचा मोडका कॅमेरा दुरुस्त करता करता त्याच्या प्रेमात पडलेले. माझे वडीलही सुतारच. मुरगूडच्या पलीकडे एका खेड्यात सुतारमेटावर बैलगाड्यांची चाकं करायचे. ह्यांनी मला पाहिलं ते तिथं, जात्यावर बसलेली असताना. मी ओव्या म्हणत होते. हे पुढं म्हणायचे की त्यांना ओवी ऐकूच आली नाही, नुसता चेहरा दिसला.

लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात मी जातं ओढत गाऊ लागले, तर हे दारात येऊन उभे राहिले.

“गळ्यानं गाऊ नकोस,” म्हणाले. “रस्त्यानं जाणारं येणारं ऐकतं. डोळ्यांनी गा. ते मी पकडून ठेवीन.”

मला ते गोड वाटलं होतं. नवी नवरी होते.

मग हळूहळू घरातही कॅमेरा आला. म्हणजे खरा नव्हे. हे दोन्ही हातांच्या बोटांची चौकट करून त्यातून मला बघायचे. मी भाकरी थापताना, केस विंचरताना, पाणी ओतताना. “थांब,” म्हणायचे, “तशीच राहा,” आणि मी हंडा तिरका धरून उभी राहायची. कुठली साडी, कुठला आंबाडा, सगळं तेच ठरवायचे. बाजारात जायचं तर तेच बरोबर. दौलत काही बोलला नि मी हसले, तर संध्याकाळी विचारायचे, “काय म्हणाला तो?” मी सांगायची. “ह्यात हसण्यासारखं काय आहे?” सांगितल्यावर खरंच काही उरायचं नाही. विनोद असा दुसऱ्या दिवशीच्या भातासारखा वाढता येत नाही.

त्याच सुमाराला मुंबईच्या एका मोठ्या कंपनीचा माणूस आला होता. कोट, टोपी, तोंडात सिगारेट. माझं एक चित्र त्यानं पाहिलेलं. म्हणाला, “बाईंना मुंबईला पाठवा. राहायला जागा देऊ. नाव होईल.”

“बाईंनाच विचारा,” हे म्हणाले. आवाज लोण्यासारखा.

मी म्हटलं, “हे म्हणतील तसं.” मला वाटलं, चांगली बायको असंच म्हणते. पण ह्यांना वेगळंच ऐकू आलं. त्या संध्याकाळी जेवताना म्हणाले, “नाही म्हणाली नाहीस.”

“अहो, तुमच्यावर टाकलं ना मी.”

“टाकलंस. पण नाही म्हणाली नाहीस.”

त्यानंतर चार दिवसांनी नवं चित्र सुरू झालं. बहीणभावाची गोष्ट आहे, म्हणाले. मी बहीण, दौलत भाऊ. चित्र कधी सलग घेत नसत. ज्या बाजूला ऊन असेल त्या बाजूचं आधी. शेवट पहिल्या दिवशी, मधलं दहाव्या. आम्हाला सगळी गोष्ट कधी कळतच नसे. मिस्त्री सांगतील तेवढं करायचं. पाट्या तर सगळ्यात शेवटी लिहिल्या जायच्या, फिती जोडून झाल्यावर, आणि मला अक्षर येत नव्हतं.

तर मी करत गेले. भावाला ओवाळलं. ताट, निरांजन, सुपारी, सगळं खरं होतं. दौलतनं ओवाळणी म्हणून ताटात ऊस ठेवला होता, भला थोरला, अख्खा. भावावर संकट आलंय, असं हे म्हणाले, तेव्हा हातातल्या पाटल्या काढून त्याच्या उपरण्यात बांधल्या आणि इकडंतिकडं बघत त्याच्या हातात दिल्या. “भिऊन दे,” हे म्हणाले. “सासूला कळलं तर?” भाऊ गेल्यावर दार लावून घेतलं, दाराला पाठ टेकली आणि डोळे मिटले.

“म्हादू गेला,” हे कॅमेऱ्यामागून सांगत होते. “पण अजून त्याच्या अंगाचा वास घरात आहे. तो श्वासात घे.”

मी घेतला.

शेवटी भावासाठी देवीपुढं पदर पसरायचा होता. देवीची मूर्ती मांडलेली नव्हती. “इथं आहे असं समज,” हे म्हणाले, आणि कॅमेऱ्याच्या तिपाईकडं बोट केलं. मी तिपाईपाशी लोळण घेतली. त्या लाकडी पायांना धरून इतकी रडले की दोन दिवस माझा आवाज बसला होता.

“आई अंबाबाई,” मी म्हणत होते, “माझं सगळं घे, पण त्याला दे.”

हे हँडल फिरवत होते. एकसारख्या लयीत, जराही हात न चुकू देता.

चित्र तयार झालं तेव्हा हे म्हणाले, “पहिला खेळ मुरगूडला लावू. बाजाराच्या दिवशी. तुझ्या माहेरची सगळी माणसं बघतील.”

मी ह्यांच्या पाया पडले. तोवर माझं एकही चित्र आईनं पाहिलेलं नव्हतं. वडील गेलेले, म्हादू गेलेला, ती एकटीच त्या सुतारमेटावर राहायची. ह्यांनी माझ्यासाठी हिरवी इरकल आणली. आईला आणायला बैलगाडी पाठवली. तंबूत बायकांच्या बाजूला, अगदी पुढं, आमच्या दोघींसाठी घोंगडी अंथरली.

“इथून हलू नका,” मला म्हणाले. “सगळं नीट बघ.” आणि मागे यंत्रापाशी गेले. चित्र दाखवायचं यंत्रही तेच चालवायचे.

दिवेलागणीला खेळ सुरू झाला. तंबू माणसांनी फुगला होता. इंजिन बाहेर धडधडत होतं, शेंगांची टरफलं चुरचुरत होती, पेटीवाल्यानं सूर धरला. आई माझा हात धरून बसली होती. तिचा हात खरखरीत, गार.

पडद्यावर अक्षरं आली. नरसू तात्यांनी खाकरून आवाज टाकला,

“घरबुडवी! एका भोळ्या नवऱ्याची आणि त्याच्या घातकी बायकोची करुण कहाणी!”

मला वाटलं, दुसऱ्याच कुठल्या चित्राची फीत लागली. तेवढ्यात पडद्यावर हे दिसले. माझे हे. मुंडासं बांधून, कपाळाला गंध लावून, देवघरापुढं हात जोडून बसलेले. ह्यांनी कधी स्वतःचं चित्र घेतलं होतं? कुणी फिरवलं होतं हँडल? मी आईकडं पाहिलं. ती कौतुकानं म्हणाली, “जावईबापू बी हैत की गं!”

मग चौकट आली. चौकटीत दौलत. आणि मी डोळे वर केले.

तात्या गरजले, “नवरा परगावी जाताच पापिणीचा जार दाराशी आला! पाहा, पाहा कशी आतुर झाली आहे!”

पडद्यावर मी धावत सुटले होते. हसत होते, रडत होते. हात हवेत थांबला होता.

“आगं बया बया!” माझ्या मागून एक बाई म्हणाली. “बग कशी बगतीया! लाज हाय का काय?”

“डोळ्यांनीच गिळतीया की!” दुसरी.

मी ओवाळण्याची वाट बघत होते. ताट येईल, निरांजन येईल, तो ऊस येईल, लोकांना कळेल. ताट आलंच नाही. कापून टाकलेलं. आल्या त्या पाटल्या. “नवऱ्याच्या घामाचं सोनं जाराच्या पदरात!” मग खिडकीचे गज, आणि गजांमागे ह्यांचे डोळे, पाणी भरलेले. पुरुषांच्या बाजूनं उसासे आले. दार लावून मी पाठ टेकली, डोळे मिटले. एकानं अशी शिटी मारली की माझ्या अंगावर कुणी थुंकल्यासारखं झालं.

आणि शेवटी मी जमिनीवर लोळत होते. पाय लाकडाचे नव्हते. ह्यांचे होते, धोतराच्या सोग्यासकट. तिपाई नेमकी कापून तिथं ह्यांचे पाय आणून जोडले होते. तात्या म्हणत होते, “क्षमा करा नाथ! मी चुकले! माझं सगळं घ्या, पण पायाशी ठेवा!” आणि ह्यांनी वर बघून, मोठ्या मनानं, हात खाली नेला, जणू माझ्याच डोक्यावर.

टाळ्यांचा कडकडाट झाला.

दिवे लागले तसं मागच्या बायकांनी मला ओळखलं. आधी एकीनं, मग सगळ्यांनी. पदर सावरून त्या जरा लांब सरकल्या. मला आईकडं बघायचं धाडस होईना.

आई अजून पडद्याकडंच बघत होती, पांढऱ्या कापडाकडं.

“तुळसा,” ती हळू म्हणाली, “ते तात्या काय बी म्हनत हुते. पर तू तर म्हादूला बगत हुतीस.”

मी तिच्या मांडीवर डोकं टाकलं.

“दर बीजेला अशीच बगायचीस. त्यो हात तसाच वर धरायचीस. माजं पोर आज मला परत दिसलं.” मग थोड्या वेळानं, “जावईबापूंना ठावं न्हवतं का गं?”

हेच मी सकाळी ह्यांना विचारलं. रात्रभर आईजवळ होते. ऊन वर येताच तंबूत गेले. तंबूच्या भोकांतून उन्हाचे तुकडे खाली पडले होते आणि हे यंत्राच्या काचा पुसत बसले होते. माझ्याकडं न बघता म्हणाले,

“चहा घेतलास?”

“तुम्हाला ठाऊक होतं,” मी म्हटलं. “मी कुणाला आठवून तसं बघत होते, ते तुम्हीच माझ्या कानात सांगितलं होतं.”

“सांगितलं.”

“दौलतबद्दल तुमच्या मनात काही—”

“दौलत?” हे हसले. पहिल्यांदाच मोकळं हसले. “त्या रेड्याबद्दल काय असणार माझ्या मनात?”

“मग का?”

ह्यांनी काच खाली ठेवली. फडकं घडी करून तिच्यावर ठेवलं. मग उठून जवळ आले, अगदी त्या दिवशी आले होते तसे, आणि माझी हनुवटी धरली.

“लग्न झाल्यापासून एकदा तरी माझ्याकडं अशी बघितलीस? एकदा? मी रोज चौकट धरून बसायचो. भाकरी करताना बघितलं, निजलेली बघितलं. मला वाटायचं, ह्या बाईला ती नजरच देवानं दिली नाही, तर काय करणार. आणि तू ती एका मेलेल्या पोरासाठी सांभाळून ठेवलेलीस. भरलेल्या हंड्यासारखी. नाव घेतलं की सांडलीस.”

“तो माझा भाऊ होता.”

“कुणीही असो. माझं नव्हतं ते.”

बाहेर कुणीतरी बैलाला हाकत गेलं. हेच पुढं बोलले, आणि बोलताना त्यांचा आवाज खरंच मऊ झाला. ती मऊ माया मी अजून विसरले नाही.

“घाबरू नकोस. मी तुला टाकणार नाही. चित्रातसुद्धा टाकलं नाही, बघितलंस ना? आता मुंबईवाले विचारणार नाहीत. माहेरचं गाव दारात उभं करणार नाही. राहिलं कोण? मी. आपलं दोघांचं आता नीट चालेल बघ, तुळसे.”

त्यांना वाटत होतं, त्यांनी घर बांधलंय. चांगल्या सुतारासारखं, एक खिळा न वापरता, नुसत्या खाचा बसवून.

मी म्हटलं, “चहा घेते,” आणि बाहेर आले.

नरसू तात्या इंजिनापाशी उन्हात अंग शेकत बसले होते. मला बघून उठले, खाली बघू लागले.

“बाई, मी लिहिलं न्हाई,” म्हणाले. “मला जे लिहून देत्यात ते म्हनतो. मला वाटलं, तुमास्नी ठावं असंल.”

“तात्या, आज संध्याकाळी तुमचा आवाज बसलाय.”

“आं? न्हाई वो. खडखडीत हाय.”

“बसलाय,” मी म्हटलं. “पाट्या मी म्हणणार.”

त्यांनी माझ्याकडं बघितलं. मग मागे तंबूकडं, मग परत माझ्याकडं.

“तुमास्नी वाचता येत न्हाई.”

“मी काय म्हणत होते ते मला पाठ आहे.”

“मिस्त्री मला कंपनीतनं हाकलंल,” तात्या म्हणाले. आणि मग तोंडावर मूठ धरून असे काही खोकले की इंजिनाजवळचा कुत्रा उठून पळाला. “गेला,” ते घोगरे होऊन म्हणाले. “पार गेला बगा आवाज.”

संध्याकाळी तंबू आदल्या दिवशीपेक्षा जास्त भरला. घरबुडवी कशी असते ते बघायला पंचक्रोशी लोटली होती. आई तिथंच, पुढच्या घोंगडीवर बसली होती. एकटी. तिच्या भोवती हातभर जागा मोकळी होती. मी कडेच्या कनातीआडून आत शिरले आणि दिवे मालवले तेव्हा पडद्याच्या अंगाला, तात्यांच्या जागेवर, जाऊन उभी राहिले.

अक्षरं आली. तंबू तात्यांच्या आवाजाची वाट बघू लागला.

“ऐका,” मी म्हटलं. माझाच आवाज मला परका वाटला. किती दिवसांत तो चार माणसांत काढलाच नव्हता. “एका बहिणीची ही गोष्ट आहे. तिला एकच भाऊ होता.”

कुजबुज झाली. पुढं खुर्च्यांवर बसलेल्या, वाचता येणाऱ्या चार लोकांनी माना वळवल्या. “अहो, पाटीवर तसं नाही,” त्यांतला एक म्हणाला. पण जमिनीवर बसलेल्या शेकड्यांना पाटीशी काय करायचं होतं? त्यांना आवाज पाहिजे होता, तो आला.

पडद्यावर हे पूजेला बसले. “हा तिचा नवरा,” मी म्हटलं. “देवापुढं बसतो, पण डोळे बघा कसे किलकिले. देवाला बघतोय का बायकोला?” कुणीतरी खुदकन हसलं.

मग चौकट आली. मी डोळे वर केले, आणि मला जे सांगायचं होतं ते साध्या बोलण्यात मावेना. ते आपोआप जात्यावरच्या चालीत आलं.

चंद्र बीजेचा कोवळा, वर आला कौलावर
माझा म्हादू ग घोड्यावर, पाणी ठेवा ग चुलीवर

पेटीवाला थबकला, मग त्यानं माझा सूर धरला. पडद्यावर तीच बाई, तेच धावणं, तोच हवेत थांबलेला हात.

ताटी कुंकवाची बोटं, वात तुपात भिजली
भावा, तुझ्या वाटेवरी, माझी नजर थिजली

“आगं माज्या बाई,” कुणी म्हातारी म्हणाली आणि मोठ्यानं रडू लागली. तिच्या पाठोपाठ दुसरी. प्रत्येकीचं कुणी ना कुणी त्या साथीत गेलेलं होतं. प्रत्येकीला चौकटीत आपापलं माणूस दिसत होतं.

पाटल्या आल्या. “घे रे,” मी म्हटलं, “सासरचं नाही हे, आईनं दिलेलं आहे. लपवून देते, कारण ह्या घरात बाईनं काही दिलेलं खपत नाही.” बायका माना हलवू लागल्या.

मग खिडकीचे गज. ह्यांचे पाणावलेले डोळे.

“बघा,” मी म्हटलं, “मेव्हणा घरी आलाय. आत यावं, पाटावर बसावं, दोन घास खावेत. तर हा माणूस स्वतःच्या घराच्या खिडकीत चोरासारखा उभा!”

आणि तंबू हसला. आधी बायका, मग पुरुष. काल ज्यांनी ह्या डोळ्यांसाठी उसासे टाकले होते तेच. “आरं, आत ये की पावणं!” मागून कुणीतरी ओरडलं. “डोकावतुयास काय मांजरावानी?” हसण्याची लाट यंत्रापर्यंत गेली.

चित्र दाखवायच्या यंत्राचं एक असं असे, की हँडल फिरवणाऱ्याला थांबता येत नसे. दिव्याची धग इतकी, की फीत सरकती राहिली तरच जगे. तिथं हात थांबला की तिथंच ती जळे. कंपनीतल्या सगळ्यांना ते ठाऊक होतं. म्हणून मी सांगत होते आणि माझा नवरा फिरवत होता. त्यांच्याच हातानं, त्यांच्याच चित्रातून, ते माझी गोष्ट गावाला दाखवत होते.

दार लावून मी पाठ टेकली. पडद्याएवढा माझा चेहरा, डोळे मिटलेले.

“गेला तो,” मी म्हटलं. “पण अजून—”

आणि चेहरा थांबला.

पडद्यावर कुणी असं थांबत नाही. मी मागे पाहिलं. यंत्राच्या उजेडात हे उभे होते, हँडलवर हात होता, पण तो फिरत नव्हता. मुद्दाम. माझ्याकडं बघत होते. पडद्यावरच्या माझ्या कपाळावर तपकिरी ठिपका उठला, तो पसरला, काठ वळवळले, डोळे गेले, ओठ गेले, आणि चरचर आवाज होऊन पडदा लख्ख पांढरा झाला. जळक्या फितीचा उग्र वास सगळ्या तंबूत शिरला.

“खेळ संपला!” हे ओरडले. “तुळसे, खाली ये! इकडं ये आधी!”

मग त्यांनी दिवाही मालवला. अंधार झाला. बाहेर इंजिन तेवढं धडधडत होतं. त्या अंधारात ह्यांची पावलं माझ्याकडं येऊ लागली, माणसांतून वाट काढत, आणि माझं नाव घेत. मी खाली बसू लागले. इतकी वर्षं त्या आवाजानं बस म्हटलं की मी बसले होते.

“आरं कोन हाय त्यो?” जमिनीवरून एक बाई कडाडली. “खाली बस की मुडद्या! बाई सांगतीया ते ऐकू दे!”

“बस, बस!” चहूकडून आवाज उठले. “गप रं!” पावलं अडखळली. कुणीतरी ह्यांना हाताला धरून खाली बसवलं असावं, कारण मग ती ऐकू आली नाहीत.

“चित्र गेलं जाऊ दे,” तीच बाई म्हणाली. आता तिचा आवाज मऊ होता. “तू सांग, लेकी. भाव गेल्यावर त्या पोरीनं काय केलं? तसल्या नवऱ्यापाशी राहिली व्हय?”

“नाही,” मी म्हटलं. “उठली, दार उघडलं, आणि आईचा हात धरून चालायला लागली.”

“मग?”

मी दोन पावलं पुढं झाले, आणि पुढचं सांगू लागले.